थांबण्याचे तास

“सोमवारी किती तास?” आभाने विचारलं.

“पावणेसहा,” भानुदास टेबलाकडे बघत म्हणाला. “मंगळवार, गुरुवार, शनिवार, सगळीकडे तेवढेच लिही. आठवड्याचे तेवीस होतात.”

बर दुबईत, मीना बाजारातल्या एका कापडाच्या दुकानावर मराठी मंडळाची खोली होती. आभा तिथे मदतनिधीचं काम बघायची. नोकरी गेलेल्या मराठी माणसाला तीन महिने, दरमहा दोन हजार दिरहम, म्हणजे सत्तेचाळीसेक हजार रुपये. अट एकच. मधल्या काळात कुठे फुटकळ काम करत असाल तर ते आठवड्याला चोवीस तासांच्या आत हवं.

भानुदास मुद्दाम बुधवारी भरदुपारी आला होता. या वेळी इथे चिटपाखरू नसतं. खाली कापडवाल्याने सलाम केला, तेव्हाही त्याने मान वर केली नव्हती.

“नोकरी कधी गेली, काका?”

“चार महिने झाले. पंधरा दिवसांची नोटीस दिली आणि खलास.”

“काकूंना माहीत आहे?”

त्याने नकारार्थी मान हलवली. शालिनी अजून रोज त्याचा शर्ट इस्त्री करून ठेवायची. तो घालून तो अल बर्शाहून मेट्रो पकडायचा आणि वाटेत संडासात जाऊन जुना टी-शर्ट चढवायचा. झाकली मूठ सव्वा लाखाची, हे खरं. पण पन्नाशीच्या माणसाला ती अशी झाकावी लागली की आरशात बघवत नाही.

“काम काय लिहू?”

“रास अल खोरला, घाऊक बाजारात. भाजीचे क्रेट मोजायचे.” त्याचा आवाज खाली गेला. “उतरवायचे पण.”

आभाने वर न बघता लिहिलं. तेवढ्यासाठी तो तिचे मनातल्या मनात आभार मानत होता.

“पोचता किती वाजता?”

“सातला.”

“आणि सुटता?”

“पावणेतीन.”

आभाचं पेन थांबलं. “हे तर रोजचे पावणेआठ झाले.”

“ट्रक नऊला येतो गं. तोवर नुसता बसून असतो मी. चहा पितो. ते काय काम आहे?”

आभाने नियमांचा कागद पुढे ओढला. “कामाच्या जागी थांबावं लागलं तर...”

“तोही वेळ कामाचाच धरावा. पाठ आहे मला.”

रोजचे दोन, चार दिवसांचे आठ. तेविसाचे एकतीस झाले.

गेल्या रमजानात याच टेबलापाशी भिवाचा अर्ज अडला होता. भिवा कुडाळकडचा, साइटवर काम करणारा, पाय दुखावल्यावर कामावरून काढलेला. त्याने स्वतःच सगळं खरं खरं सांगितलं होतं. “साहेब, हे फुटकळ काम दुपारी संपतं. मग गाडी येईपर्यंत उन्हात उभा असतो मी. त्यालाही काम म्हणायचं काय?” खोलीत त्याच्या बाजूने कुणी बोललं नाही. भानुदासही नाही. नियम बरोबरच आहे, असं त्याला तेव्हा मनापासून वाटलं होतं. भिवाने हात जोडले आणि लंगडत जिना उतरला. महिन्याभराने तो गावी परत गेल्याचं कळलं.

“शाळेच्या फीची तारीख कधी आहे?” आभाने विचारलं.

“रविवार. देवांश रोज विचारतो, पप्पा, व्हेन आर यू पेइंग?”

फी गेली नाही तर पोराचं नाव कमी होणार होतं. मग शालिनीला आणि त्याला चिपळूणला पाठवणं आलं. का पाठवतोय, हेही सांगणं आलं.

भानुदासने थांबण्याच्या तासांच्या रकान्यावर बोट ठेवलं. “हा रिकामा राहिला तर?”

“तर तेवीस. बसतं.”

“ठेव रिकामा.”

आभाने तो रकाना तसाच सोडला. “तुम्ही म्हणाल तसं, काका.”

तिने अर्ज त्याच्यासमोर फिरवला. ‘वरील माहिती खरी आहे’ याच्याखाली त्याने सही केली. भिवा खरं बोलून रिकाम्या हाताने गेला, आणि आपण खोटं लिहून पैसे नेणार. त्याला स्वतःची इतकी लाज वाटली की पेनाचं टोपणही नीट लागेना.

“कुणाला कळायला नको,” तो म्हणाला.

“माझ्याकडून नाही कळणार.”

तो उठायला लागला.

“थांबा, काका.” तिने अर्ज पुन्हा त्याच्याकडे सरकवला. “आता ही खालची, अध्यक्ष म्हणून. भिवाचा अर्ज नामंजूर करताना केली होतीत, तशीच पूर्ण सही लागेल.”