आडवी मान

गफारनं पत्र्याचा डबा उघडला, आतली फीत हातभर ओढून उन्हात धरली अन् म्हणला, "हॅत. यात तर कुणीच न्हाय की."

शरणम्मा भाकरीचं गठुडं घेऊन अंगणात आली ती नेमकी तेव्हाच. बल्गारसाब दुसरा डबा घेऊन दारातच थांबला.

साब बल्गेरिया नावाच्या मुलखातला कॅमेरावाला. हा मुलूख कुठं आला, ते अख्ख्या अणदुरात कुणाला ठावं न्हाय. लढाई लागल्यापासून त्याला तिकडचं एक पत्र आलं नव्हतं. सिनेमा कंपनी कालच सोलापूरला गेली. मागचं सामान घेऊन त्यानं आज निघायचं, गफारच्या बैलगाडीतनं.

साब ओरडला न्हाय. गफारच्या हातातनं फीत घेतली, गुंडाळली, डब्याचं झाकण लावलं. हळू. शरणम्मानं नवऱ्याचे डोळे मिटले होते तसं.

दीड महिना हे डबे तिच्याच घरात होते, कणगीमागं, अंधारात. ऊन लागलं की रीळ मेलं, एवढं साबनं तिला पहिल्याच दिवशी हातवारे करून सांगितलं होतं. चौदा सिनेमे केले होते म्हणे त्यानं. तुमचा फोटू दावा म्हटल्यावर मशीनच्या मागं जाऊन उभा राहिला होता. मी इथं असतो, म्हणून.

अन् तिचा ईरण्णा मशीनच्या पुढं. डोक्यावर भंडाऱ्याची परात देऊन साबनं त्याला खंडोबाच्या देवळासमोरनं सातदा चालवलं. "लग्नात बी एवढं चाललो न्हवतो," म्हणून ईरण्णा हसला. त्यानंतर नवव्या दिवशी तापानं गेला. त्याचा दुसरा फोटू कुठंच नव्हता.

"साब," ती म्हणली, "ऱ्हायले का हो आमचे मालक? येखाद्या तरी डब्यात?"

साबला एवढं मराठी कळत होतं. त्यानं गफारनं उघडलेल्या डब्याकडं बघितलं. मग मान खाली घातली, वर केली, परत खाली.

"व्हय म्हणला," गफार खूश झाला. "हायती चाचा डब्यात. अव्वा, सोलापूरला लागू दे सिनेमा, माझ्याच गाडीतनं जाऊ समदी."

शरणम्माचे डोळे साबच्या मानेवरच होते. साब राहायला आला तेव्हा ती विचारायची, आणखी भाकरी वाढू का, अन् साब मान आडवी हलवायचा. ती भाकरी टोपल्यात परत ठेवायची. चार दिवस माणूस अर्धपोटी उठला. पाचव्या दिवशी तिला उमगलं, याच्या मुलखात समदं उलटं. मान आडवी म्हंजे व्हय. वर-खाली म्हंजे न्हाय. लोक हसतील म्हणून तिनं हे कुणाला सांगितलं नव्हतं.

तिनं गफारकडं बघितलं. ईरण्णाचा खड्डा यानंच खोदला होता, भर उन्हात, कुदळ कुणाच्या हातात न देता.

"जाऊ की," ती म्हणली.

गफारनं बैल जुंपले. साबनं डबे गाडीत ठेवले, गठुडं घेतलं अन् तिच्यासमोर येऊन उभा राहिला. जाताना काय म्हणायचं, ते गफारनंच त्याला शिकवलं होतं.

"कहा सुना माफ," साब म्हणला.

शरणम्मानं मान आडवी हलवली.

"आँ?" गफार चिडला. "पावना जाताना माफी मागतो, अन् तुमी न्हाय म्हणता? कसली कठीण वो तुमी."

"तू गाडी हाक."

गाडी निघाली. वेशीपाशी साबनं मागं वळून बघितलं. अंगणात शरणम्मा एकटीच उभी होती. तिची मान अजून आडवी हलत होती.