समोरची बाजू

“हिला कुणी शिकवलं असेल?” आईने हातातला कप टीव्हीतल्या बाईकडे रोखला. “चेहऱ्यावरची एक रेघ हलत नाही हिच्या. हिच्या मास्तराला त्याच्या आईने काही वळण लावलेलं दिसत नाही.”

मुलाने चहाचा घोट गिळला आणि खिडकीबाहेर पाहिलं. मुलगा म्हणजे साठी ओलांडलेला, कानावरचे केस पांढरे झालेला माणूस. आईसमोर मात्र तो अजून पाय जवळ घेऊन बसायचा.

टीव्हीतली बाई शेजारच्या देशाच्या शिष्टमंडळाची प्रमुख होती. वादळात वाट चुकून त्यांच्या हद्दीत शिरलेलं आपलं मालवाहू जहाज त्यांनी बंदरात अडकवून ठेवलं होतं. त्यावरच्या खलाशांत आईचा नातू होता. मुलाच्या बहिणीचा, ताईचा एकुलता एक. ही बातमी आली त्या दिवसापासून आईने चहातली साखर सोडली. पोरं सुटेपर्यंत नको, एवढंच म्हणाली. देवाशी तिने घासाघीस केली नाही, त्याला दोषही दिला नाही. रोज सकाळी हात जोडायचे आणि बिनसाखरेचा चहा शांतपणे प्यायचा.

मुलगा एके काळी राजदूत होता. लहानसहान नव्हे. तापलेल्या बैठकीत तो येऊन बसला की दोन्हीकडचे लोक आपोआप आवाज खाली आणत, असं त्याच्याबरोबरची माणसं सांगत. त्याच्या झेंडा लावलेल्या गाडीचा फोटो आईने दारासमोरच्या भिंतीवर लावला होता. आणि मग, सगळं ऐन भरात असताना, त्याने ती खुर्ची सोडली. देशोदेशीच्या नव्या अधिकाऱ्यांना जिथे तयार करतात त्या संस्थेत तो शिकवायला लागला. कुठेतरी माशी शिंकली असणार, असं नातेवाईक कुजबुजले. आईने विचारलं तेव्हा तो म्हणाला होता, “त्या खुर्चीत मी एकटाच बसू शकतो, आई.” तिला ते पटलं नाही. अजूनही कुणी घरी आलं की ती सांगायची, हा माझा राजदूत. मास्तर हा शब्द तिच्या तोंडून निघत नसे.

एकदा हट्टाने ती त्याचा वर्ग बघायला गेली होती. समोरासमोर दोघांना बसवायचं, भांडण लावून द्यायचं. पण आधी प्रत्येकाने समोरच्याची बाजू मांडायची, आणि समोरचा “हो, हेच” म्हणेपर्यंत आपली उघडायची नाही. आई मागच्या बाकावर बसून सगळं बघत होती. एवढं शिकून सवरून हा पोरखेळ, असं ती परतताना गाडीत पुटपुटली.

आपल्या बाजूची प्रमुख त्याचीच विद्यार्थिनी होती. घरात हे सगळ्यांना ठाऊक होतं. मागे एकदा येऊन तिने आईच्या हातचा चहा प्यायला होता आणि न लाजता दुसरा कप मागितला होता. तिला फोन लाव, असं आई सकाळपासून मागे लागली होती. ताई टीव्हीसमोरून हलत नव्हती, आणि तेच जास्त जड होतं.

“तिला माझ्या भाच्यासाठी बोलायचं नाहीये, आई. सगळ्यांच्या पोरांसाठी बोलायचंय,” तो म्हणाला.

आईने कप खाली ठेवला. इतकी वर्षं पोटात ठेवलेला राग आज बाहेर आला. “तू ती खुर्ची सोडली नसतीस, तर माझा नातू आज घरी असता.”

त्याने टीव्हीचा आवाज थोडा वाढवला.

तेवढ्यात पडद्यावरचं दार उघडलं. बोलणी फिसकटल्यातच जमा आहेत, असं निवेदक मघापासून सांगत होता. दोघी प्रमुख बाहेर आल्या. समोरच्या देशाची बाई आधी बोलायला उभी राहिली. ताई खालची भाषांतराची पट्टी आईसाठी मोठ्याने वाचू लागली.

“यांचं म्हणणं असं आहे, की जहाजाची वाट वादळात चुकली. ही माणसं चोर नाहीत. घरी त्यांच्या आया वाट बघतायत, आणि आम्ही त्यांना ओलीस ठेवू, अशी यांना भीती आहे.” ती बाई मुलाच्या विद्यार्थिनीकडे वळली. “बरोबर सांगितलं?”

“हो, हेच.”

मग आपल्या बाजूची उभी राहिली. त्यांच्या कोळ्यांची जाळी आपल्या जहाजाने फाडली, होड्या फोडल्या, आणि इतक्या दिवसांत आपल्याकडून कुणी साधी विचारपूस केली नाही, हे तिने सांगितलं. मग विचारलं, “बरोबर?”

“हो, हेच.”

आई पुढे सरकून बसली. हे तिने कुठेतरी पाहिलं होतं.

त्यानंतरचं फार थोडं होतं. जाळी आणि होड्या आपण भरून द्यायच्या. खलाशी उद्या घरी. ताई शेवटचा शब्द वाचता वाचता थांबली आणि तोंडावर हात धरून खालीच बसली. आईने तिच्या पाठीवर हात ठेवला. दुसऱ्या हाताने कप मुलापुढे केला.

“नवा चहा आण. साखर घालून.”

तो चहा घेऊन आला तेव्हा ती अजून पडद्याकडेच बघत होती.

“तुझी ती गुणाचीच आहे,” आई म्हणाली. “पण आधी तोंड उघडलं ते त्या दुसरीने. आपलं गाऱ्हाणं बाजूला ठेवून परक्याचं सांगायचं, सोपं नाही बाबा. मघाशी मी उगाच बोलले. तिच्या मास्तराच्या आईला माझा नमस्कार सांगायला हवा.”

मुलाने साखर नीट ढवळली आणि कप तिच्या हातात दिला.

“पोचला, आई. त्या दोघी माझ्या वर्गात एकाच बाकावर बसायच्या.”