संध्याकाळचं जेवण

चर्चमधली नाताळची भक्ती आटोपून एस्तेर थेट वृद्धाश्रमात आली, तेव्हा सासूबाई निळं लुगडं नेसून कॉटवर तयार बसल्या होत्या. घराला रंग देईपर्यंत पंधरा दिवस, असं सांगून एस्तेरनेच त्यांना इथे आणलं होतं. नवरा आईला सोडायला राजी नव्हता. तिनेच त्याला गळ घातली होती. त्या गोष्टीला आता तीन वर्षं होत आली होती.

"चला आई, जेवायला. मटण केलंय," ती म्हणाली.

"हो गं. संध्याकाळी किती वाजता आणून सोडशील? इथे जेवणाचं सकाळीच सांगावं लागतं, नाहीतर उपाशी झोपायची वेळ येते."

आवाजात टोमणा नव्हता. असता तर एस्तेरला उत्तर देता आलं असतं. गेल्या दोन्ही नाताळांना तिने त्यांना दिवेलागणीच्या आत परत आणून सोडलं होतं. त्या रात्री त्या जेवल्या का, हे विचारायचं तिला एकदाही सुचलं नव्हतं.

तिने खिडकीतल्या गोळ्या, तेलाची बाटली, बायबल, सगळं पिशवीत भरायला घेतलं.

"अगं, एका जेवणाला एवढं कशाला?"

"माझं चुकलं, आई. आता इथे परत यायचं नाही."

सासूबाईंनी कॉटखालची पत्र्याची पेटी पायाने हळूच तिच्याकडे सरकवली.