सहाव्या गिअरचा आवाज

“आता ऐक,” दिनानाथ म्हणाले आणि त्यांनी गाडी सहाव्यात टाकली.

चिंचोटी मागे पडली. रविवारची सकाळ, हायवे मोकळा. काचा वर, एसी बंद, रेडिओ बंद. सुरुचीच्या मानेवरून घाम ओघळत होता. विरार फाट्यापर्यंत जायचं, वळायचं, पुन्हा चिंचोटीपर्यंत यायचं. ही तिसरी खेप होती.

गाडी अजून बाजारात यायची होती. तिचा सहा गिअरांचा गिअरबॉक्स दिनानाथांच्या हाताखाली घडला होता. ते निवृत्त झाले तरी शेवटचा शब्द त्यांचाच. म्हणून कंपनीने गाडी एव्हरशाईन सिटीत, त्यांच्या बिल्डिंगखाली आणून ठेवली होती. त्यांनी ‘ठीक आहे’ म्हटलं की कारखान्यात काम सुरू होणार होतं.

“पाचव्यापर्यंत इंजिनचाच गोंगाट,” ते लेकीला सांगत होते. “त्यात सगळं खपून जातं. सहाव्यात इंजिन निवांत होतं, मग आतल्या चाकांचे दाते बोलायला लागतात. एखाद्या दात्याची कड केसाच्या विसाव्या हिश्श्याने चुकली तरी बारीक शीळ येते. कानाशी डास यावा तशी. येतेय?”

हे दुसऱ्याला विचारायची पाळी त्यांच्यावर अलीकडेच आली होती. बारीक आवाज त्यांच्या कानांनी सोडून दिले होते. दाराची बेल कळे, सकाळच्या चिमण्या कळत नसत. बायकोला, वसुंधराबाईंना, याचा पत्ता नव्हता, कारण त्यांचं साधं बोलणंही तिसऱ्या मजल्यापर्यंत जाई. ज्या माणसाने जन्मभर कानाच्या जोरावर नोकरी केली, त्याचं हे बाहेर कळणं म्हणजे भर बाजारात धोतर सुटणं. त्यांनी ते फक्त सुरुचीला सांगितलं होतं. तेही मान खाली घालून, आणि ‘कुठे बोलू नकोस’ म्हणून. आजही बायको बोळिंजला बहिणीकडे गेल्याचं बघूनच त्यांनी गाडी काढली होती.

“बाबा, अहो किती वेळा तेच ते? भाजून निघाले मी. पुस्तक अर्धं टाकून आलेय घरी.”

“मग ते काय पळून जातंय? पुस्तकाला चाकं नसतात.”

“इथे असलेल्या चाकांचंही काही होत नाहीये.”

दिनानाथ हसले. पण त्यांचा तळवा गिअरच्या दांड्यावरून हलला नाही. “हाताला काहीतरी जाणवतंय गं. मुंग्या आल्यासारखं. नीट ऐक. आवाज असेल तर दाते पुन्हा घासून घ्यावे लागतील. दोन-तीन महिने जातील, जाऊ देत. पण असेल तर सांग.”

सुरुचीने क्षणभर डोळे मिटले.

“नाही बाबा. काही नाही. चला आता.”

“नक्की?”

“नाही म्हटलं ना!”

त्यांनी दांड्यावरचा हात उचलला, उलटासुलटा करून पाहिला. “मग हातही म्हातारा झाला म्हणायचा,” असं म्हणून त्यांनी गाडी घराकडे वळवली. वसई फाट्यावर तिला उसाचा रस पाजला. फार खुशीत होते.

सोमवारी सकाळी त्यांनी कंपनीत फोन करून ‘ठीक आहे’ कळवलं. दुपारी जेवून जरा आडवे झाले, ते उठलेच नाहीत.

तेराव्यानंतर परेश भेटायला आला. दिनानाथांच्या हाताखाली शिकून मोठा झालेला, आता त्यांच्याच जागेवर बसणारा. सोफ्याच्या कडेला टेकून तो चहाकडे बघत राहिला.

“यांचा गिअरबॉक्स झाला ना रे सुरू?” वसुंधराबाईंनी विचारलं. “जाताना फार समाधानात होते.”

“थांबवलाय, काकू.”

“का?”

“राहू दे ना आता.”

“सांग. असं गिळलेलं तुझ्या सरांना चाललं असतं का?”

परेशने घसा खाकरला. “गाडी परत नेताना खाडीचा पूल यायच्या आत सहाव्यात शीळ आली. ड्रायव्हरलासुद्धा कळली. दात्यांतली चूक आमचीच. पण सरांनी पास केलं होतं ना... ऑफिसात म्हणतात, सरांनी गाडी काढलीच नाही. बसल्या जागी फोन केला आणि मोकळे झाले. मी भांडलो हो सगळ्यांशी. पण बोलू काय?”

वसुंधराबाईंचा आवाज आयुष्यात पहिल्यांदाच इतका खाली आला.

“मी नव्हते रे रविवारी घरी. केलं असेल तसं. वय झालं होतं त्यांचं.” मग त्यांनी मुलाच्या वयाच्या त्या माणसापुढे हात जोडले. “त्यांच्या वतीने मी माफी मागते. तसं सांग सगळ्यांना.”

परेश गडबडून उभा राहिला. सुरुचीला आईच्या जोडलेल्या हातांकडे बघवेना. बाबांना दिलेला शब्द पाळायचा, तर हे हात असेच राहणार होते. आणि खरं सांगायचं, तर अर्धंच सांगून सुटका नव्हती.

“आई, हात खाली घे,” ती म्हणाली. “परेश, बाबांनी गाडी चालवली होती. तीन खेपा केल्या. तो आवाज त्यांना ऐकू येत नव्हता, म्हणून त्यांनी मला शेजारी बसवलं होतं.”

तिने आईचे जोडलेले हात स्वतःच खाली घेतले.

“मला येत होता. पहिल्या खेपेपासून.”