दिंडोरीतली सुरंगी

चिमाजीनानांच्या सुनेनं वेंगुर्ल्याहून, माहेरून येताना सुरंगीचं रोप आणलं, तेव्हा अख्ख्या दिंडोरीनं सांगितलं, "कोकणातलं झाड, इथल्या थंडीत नाय टिकायचं." नाना हट्टाला पेटले. दर हिवाळ्यात द्राक्षबागेसारखी त्या झाडापाशीही त्यांनी शेकोटी धुमसत ठेवली. यंदा कुठं फांद्या फुलांनी लगडल्या.

"आला का गं तुमच्याकडच्यासारखा वास?" नानांना राहवेना.

सुवर्णानं ओंजळ नाकाशी नेली. "वास तोच आहे, नाना. पण काहीतरी कमी वाटतंय." मग तिचं तिलाच हसू आलं. "आमच्या झाडाखाली आई मासळी वाळत घालायची ना!"

घर माळकऱ्यांचं, तिथं मासळीचं नावही निघत नसे. नाना गळ्यातल्या माळेशी चाळा करत राहिले.

बाजाराच्या दिवशी ते परतले ते नाकाला उपरणं लावून. हातातली पिशवी त्यांनी सुरंगीच्या बुंध्याशी रिकामी केली. सुके बोंबील!

"अहो, माळकऱ्याच्या दारात हे काय?" त्यांची बायको, मालनबाई, ओट्यावरून ओरडली.

"झाडानं कुठं माळ घातलीय?" नाना म्हणाले. "सुवर्णा, ये पोरी. आता घेऊन बघ वास."