बांधीतल्या देवाच्या अकरा फेऱ्या

२००३ साली बिरसीला, आमच्या धानाच्या बांधीत ती मूर्ती निघाली. ना दगडाची, ना धातूची. तिच्यावर कोरलेले चेहरे माणसांचे नव्हते. तरी लोकांनी शेंदूर लावला आणि तिचा देव झाला.

नवऱ्याच्या दम्यासाठी मी रोज सकाळी अकरा फेऱ्यांचं व्रत धरलं. मी चालू लागले की मूर्तीतून बारीक गुणगुण यायची, घागर भरत आल्यासारखी.

आज हेही सोबत आले आणि धापा टाकत मूर्तीलाच टेकून बसले.

"तुह्या देवाले पाठ टेकली तं चालते ना?"

"चालते. हसू नका, खोकला येते."

तिसऱ्या फेरीला खोकला थांबला. पाचव्या फेरीला त्यांचे केस काळे दिसले. मला वाटलं, डोळ्यांवर ऊन येतंय. सातव्या फेरीला ते लग्नातल्यासारखे दिसत होते. मी हात जोडले. हात मात्र माझे आजचेच होते, सुरकुतलेले.

तिथेच थांबावंसं वाटलं. पण फेऱ्या अर्ध्यात सोडल्या तर दुखणं दुप्पट होऊन येतं, असं आमच्याकडे मानतात.

नवव्या फेरीला तिथे नुकतं मिसरूड फुटलेला मुलगा बसला होता. डोळे यांचेच.

"मावशी, कायले रडून राहिल्या? घरी कोणी बिमार आहे काय?"

"माह्ये मालक."

"बरे होतीन. फिरा तुमी."

गुणगुण वाढली, आणि दहाव्या फेरीसाठी माझं पाऊल आपोआप उचललं गेलं.