सुस्थितीतला अंक

"काका, माफी उभं राहून मागणार की बसून?" विवेकने विचारलं. रेकॉर्डिंगसाठी त्याला ते आधी कळायला हवं होतं.

रवींद्रकाका उभे राहिले. चाळीस वर्षं शिकागोत त्यांनी लोकांची हृदयं उघडली होती. आज शॉमबर्गमधल्या स्वतःच्याच बेसमेंटमध्ये, वाचक मंडळाच्या बावीस जणांसमोर, ते माफीचा कागद उघडत होते.

समोर नेत्रा बसली होती. यासाठीच ती मॉरिसव्हिलहून विमानाने आली होती. खटल्यात पुरावे मांडतात तसे तिने टेबलावर दोन जुने अंक मांडले होते. 'सदाचारदीपिका', धार्मिक मासिक, सन १८८७. संपादक, रवींद्रकाकांचे पणजोबा.

मार्गशीर्षाच्या अंकात शेवटच्या पानावर चार ओळी होत्या. नेत्राची खापरपणजी सगुणाबाई मडमेच्या घरी जाऊन पाव खाऊन आली, सबब तिच्या हातचं पाणी कोणी घेऊ नये. तेव्हा गावात एकच अंक टपालाने यायचा. वाचायचा, समासात सही करायची, पुढच्या घरी द्यायचा. या पानावर चौदा सह्या होत्या. पहिली तिच्या नवऱ्याची, म्हणजे नेत्राच्या खापरपणजोबांची, कारण वर्गणीदार तेच. पान हाताळून हाताळून फडक्यासारखं मऊ झालं होतं. त्याच आठवड्यात दहा महिन्यांचं मूल पाळण्यात ठेवून सगुणाबाई घराबाहेर पडली. नदीवर गेली, असं घरात सांगत. पुढे तिचं नाव कोणी घेतलं नाही.

"मला एवढंच हवंय," नेत्रा म्हणाली. "तुमच्या घराण्यातल्या कोणीतरी म्हणावं, आम्ही तिला मारलं."

हीटर घरघरला आणि थांबला. समोशाला कोणी हात लावला नाही. मंडळाच्या इतिहासात असं प्रथमच घडत होतं.

काकांनी मसुदा चार वेळा लिहिला होता. पहिल्यात 'तो काळच वेगळा होता' असं वाक्य होतं. शुभाकाकूंनी ते खोडलं होतं. आता थोडा वेळ मिळावा म्हणून काकांनी दुसरा, पौषाचा अंक उचलला.

"मिंट कंडिशन आहे यार," विवेक म्हणाला. "एक डाग नाही!"

"आमच्याकडे धार्मिक मासिक रद्दीत टाकत नाहीत," नेत्रा म्हणाली. "दोन्ही खापरपणजोबांच्या ट्रंकेत निघाले. फार जपायचे म्हणे."

काकांनी पान उलटायला बोट घातलं. बोट आत जाईना. पानांच्या कडा एकमेकींना जोडलेल्या होत्या. त्या काळी छापलेल्या कागदाची घडी तशीच शिवून पाठवत. वाचणाऱ्याने सुरीने कड कापायची आणि मग वाचायचं. ही कड कोणी कापलीच नव्हती. समासात एकही सही नव्हती.

शुभाकाकूंनी केकची सुरी पुढे केली.

काका रिटायर्ड असले तरी सर्जन होते. कड सरळ कापली गेली. माफीसाठी कमावलेल्या आवाजातच ते वाचू लागले.

"'मागील अंकी सौ. सगुणाबाई यांजविषयी जे प्रसिद्ध झाले, ते सर्वस्वी खोटे ठरले आहे. मडमेचे घरी गेलेली बाई दुसरी होती. अपराध आमचा आहे. यजमानांस दोन पत्रे पाठविली, ती न फोडता परत आली. बाई आमचे घरी सुखरूप आहेत. मुलाची आठवण फार काढितात. कोणी येऊन त्यांस घेऊन जावे. आम्ही वाट पाहतो.'"

पत्रं परत पाठवता येतात. धार्मिक मासिक मात्र ठेवून घ्यावं लागतं.

नेत्राने अंक ओढून घेतला. कापलेल्या कडेवरून तिने बोट फिरवलं. मग मार्गशीर्षाच्या अंकावरची पहिली सही पाहिली. ती तिने शंभरदा पाहिली होती. अक्षर सुरेख होतं.

विवेकने रेकॉर्डिंग बंद केलं.

"म्हणजे ती नदीवर गेलीच नाही," नेत्रा म्हणाली. "मग तिचं झालं काय, काका?"

काकांनी माफीच्या कागदाची घडी घातली आणि ते हळूच खाली बसले.

"आमच्या घरात एक आत्या होत्या," ते म्हणाले. "कोणाच्या आत्या, ते विचारायचं नाही. बाबांनी लहानपणी त्यांना पाहिलं होतं. गल्लीत पोस्टमन दिसला, की पदर सावरून दारात उभ्या राहायच्या. चाळीस वर्षं."